शेवटच्या गटातला माणूस

४३२.५ किलो म्हणजे नेमकं किती, हे सांगायला मला दोन बुलेट लागतात. एक बुलेट ३५० साधारण १९५ किलोची. अशा दोन गाड्या घ्या आणि वर सहावी-सातवीतलं एक पोरगं बसवा. हे सगळं एका लोखंडी दांड्यावर येऊन तुमच्या मानेमागे, खांद्यांवर टेकलंय. आता खाली बसायचं. अर्धवट बसून चालत नाही, मांडी कमरेजवळ जिथे दुमडते ती जागा गुडघ्याच्या वरच्या टोकापेक्षा खाली जायला हवी. मग उभं राहायचं. समोर एक आणि दोन बाजूंना दोन, असे तीन पंच बसलेत. तिघांपैकी दोघांनी पांढरा दिवा लावला तर तुमचा स्क्वॉट धरला जाणार. नाहीतर एवढा जीव काढूनही कागदावर भोपळा.

१९९५ साली टेक्ससच्या एका २४ वर्षांच्या माणसानं हे करून दाखवलं. गुडघ्यांना आवळून गुंडाळायच्या पट्ट्या नाहीत, खाली बसल्यावर स्प्रिंगसारखा वर ढकलणारा जाड सूटही नाही. त्याच वर्षी त्यानं ४१० किलोचा डेडलिफ्ट मारला. स्क्वॉट, बेंच प्रेस आणि डेडलिफ्ट मिळून त्याची बेरीज गेली १०६० किलोवर. आणि हे सगळं डोपिंग चाचणी घेणाऱ्या संघटनांच्या स्पर्धांमध्ये.

त्याचं नाव मार्क हेन्री. हो, तोच. डब्ल्यूडब्ल्यूईवाला.

माझ्या वयाच्या पोरांनी हे नाव पहिल्यांदा वाचलं ते ट्रम्प कार्डांवर. शाळेजवळच्या स्टेशनरीच्या दुकानात पाकीट मिळायचं. रँक, हाईट, वेट, चेस्ट, बायसेप्स असे रकाने. मार्क हेन्री हातात आला की 'वेट' म्हणायचं आणि समोरच्याकडे बिग शो नसू दे म्हणून देवाचं नाव घ्यायचं. चुकून 'रँक' म्हणालात की पत्ता गेला. आमच्या लेखी मार्क हेन्री म्हणजे एवढंच. जड, संथ आणि बहुतेक वेळा हरणारा.

रात्री टेन स्पोर्ट्सवर मॅच लागायच्या. माझे आजोबा कराडचे, तरुणपणी तालमीत घाम गाळलेले. गोळेश्वर तिथून जवळच, त्यामुळे खाशाबा जाधवांनी १९५२ साली हेलसिंकीहून आणलेलं ब्राँझ त्यांना घरातलंच वाटायचं. टीव्हीवरची कुस्ती त्यांना बघवायची नाही. "नुरा हाय सगळी," म्हणायचे. नुरा म्हणजे आधी ठरवून केलेली कुस्ती. कोण पडणार, कधी पडणार, सगळं पक्कं. पण एकदा मार्क हेन्री रिंगकडे चालत येताना बघून ते थबकले. "ह्यो गडी मात्र खरा दिसतोय. मांड्या बघ त्याच्या. असल्या मांड्या नुरा खेळून येत न्हाईत."

आजोबांना पॉवरलिफ्टिंग हा शब्द माहीत नव्हता. मलाही नव्हता. नोकरीसाठी पुण्यात आल्यावर, हिंजवडीजवळच्या एका जिममध्ये स्क्वॉट शिकताना आणि रात्री यूट्यूबवर जुने व्हिडिओ बघताना मला कळलं की त्यांचा अंदाज किती अचूक होता.

मार्क हेन्रीचा जन्म १९७१चा, टेक्ससमधल्या सिल्सबी नावाच्या छोट्या गावातला. चौथीत असतानाच तो शंभर किलोच्या पुढे होता. हा आकडा पुन्हा वाचा. चौथीतला मुलगा, शंभर किलो. तो दहा वर्षांचा असताना आईनं त्याला वजनांचा सेट आणून दिला. बारा वर्षांचा असताना वडील गेले. कारण मधुमेहातून उद्भवलेले त्रास. चौदाव्या वर्षी त्याला डिस्लेक्सिया असल्याचं निदान झालं, म्हणजे तोवर वर्गात अक्षरं का लागत नाहीत याचं उत्तर त्याच्याकडे नव्हतंच. वर्गातल्या कुठल्याच बाकावर न मावणारा, वाचताना अडखळणारा, वडील नसलेला मुलगा. अशा मुलाचं शाळेत काय होतं ते मी वेगळं सांगायला नको.

त्याचं नशीब एका बाबतीत चांगलं होतं. टेक्ससच्या शाळांमध्ये पॉवरलिफ्टिंग हा शालेय खेळ आहे. आपल्याकडे खो-खोच्या असतात तशा तिथे शाळांच्या पॉवरलिफ्टिंग स्पर्धा होतात. शाळा संपेपर्यंत हेन्री तीन वेळा राज्याचा विजेता झाला होता. अठराव्या वर्षी त्याच्या नावावर ३७७ किलोचा स्क्वॉट आणि ३७० किलोचा डेडलिफ्ट होता. लॉस एंजेलिस टाइम्सनं त्याला जगातला सगळ्यात ताकदवान टीनएजर म्हटलं. १९९० साली शालेय राष्ट्रीय स्पर्धेत तो सुपर हेवीवेट गटात पहिला आला.

या सुपर हेवीवेट गटाबद्दल थोडं सांगतो, कारण मला तो गट फार आवडतो. बाकीच्या सगळ्या वजनगटांना वरची मर्यादा असते. आजच्या आंतरराष्ट्रीय पॉवरलिफ्टिंगमध्ये पुरुषांचे गट ५९, ६६, ७४, ८३, ९३, १०५, १२० असे जातात. आणि मग येतो १२०+. तिथे वर काही नाही. माझ्या कामाच्या भाषेत सांगायचं तर सगळ्या 'इफ' अटी तपासून झाल्यावर उरतो तो 'एल्स'. कुठल्याच अटीत न बसणारे सगळे तिथे जातात. १२१ किलोचाही तिथेच आणि १८० किलोचाही तिथेच.

मी सहावीत ७२ किलोचा होतो. शाळेत आरोग्य तपासणी असायची. सगळा वर्ग रांगेत उभा, सर वजनकाट्यावरचा आकडा मोठ्यानं वाचणार आणि दुसरे सर लिहून घेणार. माझा आकडा वाचला गेला की मागून हसू यायचं. मग सरच म्हणायचे, "काटा मोडू नको रे बाबा." त्या काट्यावर उभं राहिल्यावर मला पहिल्यांदा कळलं की आकडा नुसता आकडा नसतो, तो कोण वाचतंय आणि कोण ऐकतंय यावर सगळं असतं. त्यामुळे सिल्सबीच्या त्या मुलाबद्दल वाचताना मला राहून राहून एकच गोष्ट दिसते. ज्या शरीराला सगळे हसत असणार, त्याच शरीराला एका खेळानं 'तुझा गट हा' म्हणून जागा दिली.

शालेय स्पर्धेत त्याला पाहिलं टेरी टॉडनं. टॉड स्वतः अमेरिकेतल्या सुरुवातीच्या मोठ्या पॉवरलिफ्टरांपैकी एक. साठच्या दशकात राष्ट्रीय विजेता होता, नंतर ऑस्टिनला टेक्सस विद्यापीठात प्राध्यापक झाला. ताकदीच्या खेळांचा इतिहास हा त्याचा विषय. त्यानं हेन्रीला ऑस्टिनला यायला तयार केलं. कारण साधं होतं. पॉवरलिफ्टिंग ऑलिंपिकमध्ये नाही. ऑलिंपिकला जायचं असेल तर खेळ बदलायला हवा.

इथे अनेकांचा गोंधळ होतो. ऑलिंपिकमध्ये जे असतं ते वेटलिफ्टिंग. मीराबाई चानू करते ते. त्यात स्नॅच आणि क्लीन अँड जर्क अशा दोनच उचली, दोन्ही डोक्यावर न्यायच्या, दोन्हींत वेग लागतो. पॉवरलिफ्टिंगमध्ये वजन डोक्यावर जात नाही, पण ते फार जास्त असतं आणि फार हळू हलतं. स्क्वॉटचा राजा स्नॅचमध्ये हमखास आपटतो. खांदे, मनगटं, घोटे यांची लवचिकता वेगळी लागते, आणि ती लहानपणापासून कमवायची असते. चांगले वेटलिफ्टर दहा-बाराव्या वर्षी सुरुवात करतात. हेन्रीनं सुरुवात केली एकोणिसाव्या वर्षी. दोन वर्षांनी, १९९२ साली, तो बार्सिलोना ऑलिंपिकमध्ये +११० गटात दहावा आला.

पुढची तीन-चार वर्षं तो दोन्ही खेळ खेळत राहिला. स्नॅचमध्ये १८० किलो, क्लीन अँड जर्कमध्ये २२०. १९९५च्या पॅन अमेरिकन स्पर्धेत एक सुवर्ण, एक रौप्य, एक कांस्य. आणि त्याच वर्षी सुरुवातीला सांगितलेला तो स्क्वॉट आणि तो डेडलिफ्ट. एवढा जाडजूड माणूस बास्केटबॉलच्या रिंगमध्ये डंकही मारायचा. दोन्ही खेळांचे आकडे एकत्र मांडले तर त्याच्या जवळपास येणारी माणसं आजही बोटांवर मोजण्याइतकी आहेत.

मग आलं १९९६. अटलांटा, घरचं ऑलिंपिक. त्याआधीच डब्ल्यूडब्ल्यूएफनं, म्हणजे आजच्या डब्ल्यूडब्ल्यूईनं, त्याच्याशी दहा वर्षांचा करार केला होता. सगळी टीव्ही चॅनेलं त्याच्या मागे. स्पर्धेत त्याची पाठ दुखावली आणि तो चौदावा आला. त्या दिवशी रशियाच्या आंद्रेई चेमेर्किननं २६० किलोचा जर्क मारून विश्वविक्रमासह सुवर्ण नेलं. वर्षानुवर्षं केलेल्या मेहनतीचा हिशेब एका दुखऱ्या पाठीवर संपला, आणि हेन्री नुरा कुस्तीच्या दुनियेत गेला.

तिथे त्याचं काय झालं हे आठवणीतून सांगायची गरज नाही, क्लिप्स सगळीकडे आहेत. 'सेक्शुअल चॉकलेट' नावाचं एक पात्र त्याला दिलं गेलं. सत्तरी ओलांडलेल्या मे यंगबरोबर त्याचं प्रेमप्रकरण दाखवलं, आणि २००० साली तिनं टीव्हीवर एका रबरी हाताला जन्म दिला. लोक हसले. अजूनही हसतात. मीही ती क्लिप हॉस्टेलवर मित्रांबरोबर बघून हसलोय. पण ४१० किलो जमिनीवरून उचलणाऱ्या माणसाला हे करायला लावण्यात एक विचित्र उधळपट्टी आहे. एखाद्याकडे जगातला सगळ्यात वेगवान सर्व्हर आहे आणि तो त्यावर फक्त गुड मॉर्निंगचे मेसेज फॉरवर्ड करतोय, असं काहीतरी.

शिवाय त्या जगात आकड्यांना किंमतच नव्हती. डब्ल्यूडब्ल्यूईत उंची आणि वजन 'सांगितलं' जातं. निवेदक जे म्हणेल ते. आमच्या ट्रम्प कार्डांवरचे आकडे तिथूनच आलेले, सोयीप्रमाणे वाढवलेले. त्या पत्त्यांवर स्क्वॉटचा रकाना नव्हता, डेडलिफ्टचा नव्हता. म्हणजे मार्क हेन्रीकडे जे काही तपासून, मोजून, तीन पंचांसमोर सिद्ध झालेलं होतं, नेमकं तेच पत्त्यावर नव्हतं. आणि 'जगातला सगळ्यात ताकदवान माणूस' ही पाटी गळ्यात असल्यामुळे लोकांना तीही इतर पाट्यांसारखीच वाटायची. अंडरटेकर मेलेला नाही, केन जळालेला नाही, तसाच हाही ताकदवान नसणार.

ही शंका २००२ साली मिटली. ओहायोतल्या कोलंबसला अर्नोल्ड श्वार्झनेगरच्या नावानं होणाऱ्या महोत्सवात पहिली 'अर्नोल्ड स्ट्राँगमन क्लासिक' भरली. स्पर्धेची आखणी टेरी टॉडची. समोर त्या काळातले व्यावसायिक स्ट्राँगमन. हेन्री तोवर काही वर्षं मोठ्या स्पर्धांपासून लांब, रिंगमध्ये आपटाआपटी करत होता. त्या स्पर्धेत अपोलॉन्स अॅक्सल नावाचा एक प्रकार होता. रेल्वेच्या डब्याच्या आसासारखा जाड दांडा, हाताच्या मुठीत नीट न मावणारा, तो खांद्यावर घेऊन डोक्यावर न्यायचा. हेन्रीनं ती स्पर्धा जिंकली. नंतर तो परत डब्ल्यूडब्ल्यूईत गेला आणि पुन्हा हरू लागला.

आता थोडं माझं. गेल्या वर्षी मी जिल्हा पातळीवरच्या एका पॉवरलिफ्टिंग स्पर्धेत उतरलो. सकाळी सातला वजन. एका शाळेच्या वर्गात टेबल मांडलेलं, एक काका चष्मा नाकावर घेऊन बसलेले. मी चड्डीवर काट्यावर उभा राहिलो. आकडा आला १२३.४. शरीर आपोआप आखडलं, कारण आता कुणीतरी काहीतरी बोलणार याची इतक्या वर्षांची सवय. काकांनी लिहिलं, मान वर न करता विचारलं, "रॅक हाईट? पहिला स्क्वॉट किती?" मी सांगितलं. "एकशेवीस प्लस. पुढचा या."

बस एवढंच. मी बाहेर येऊन पायरीवर बसलो आणि केळं खाल्लं. मला रडू येतंय की हसू, ते कळेना. आयुष्यात पहिल्यांदा माझं वजन कुणीतरी नुसतं लिहून घेतलं होतं.

माझा स्क्वॉट २०० झाला, बेंच ११७.५, डेडलिफ्ट २२२.५. बेरीज ५४०. मार्क हेन्रीच्या निम्म्यापेक्षा १० किलो जास्त. आमच्या गटात तीनच जण होते, त्यामुळे ब्राँझ मिळालं. ते घरी आईनं शोकेसमध्ये ठेवलंय आणि पाहुण्यांना तीन जणांची गोष्ट ती सांगत नाही.

पण ही गोष्ट इथे संपवली तर ती अर्धीच सांगितल्यासारखी होईल. माझ्या वडिलांना अठरा वर्षांपासून मधुमेह आहे. रोज रात्री ते खुर्चीवर बसून दोन्ही तळपाय उलटे करून बघतात, कुठे जखम तर नाही ना. जखम झाली तर कळत नाही, म्हणून बघावं लागतं. ऑफिसच्या तपासणीत माझं एचबीएवनसी ६.२ आलं. ५.७च्या पुढे मधुमेहाची पायरी सुरू होते आणि ६.५ला घरात प्रवेश. मी पायरीवर आहे. मार्क हेन्री बारा वर्षांचा असताना त्याच्या वडिलांना कशानं नेलं ते मी वर लिहिलंय. ते वाक्य पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी फोन खाली ठेवला होता.

जिममधली मंडळी म्हणतात, स्नायू साखर वापरतात, उचल आणि बिनधास्त राहा. यातला पहिला भाग खरा आहे. जड व्यायामानं शरीर इन्सुलिनला जास्त चांगला प्रतिसाद देतं. डॉक्टरही तेच म्हणाल्या, पण पुढे म्हणाल्या, "कमरेचा घेर मात्र कमी करा. पोटावरची चरबी तुम्ही किती उचलता ते विचारत नाही." दोघंही बरोबर असल्यामुळेच अडचण आहे. ज्या गटानं मला पहिल्यांदा मान दिला, तो गट सोडायला हवा असं माझा रिपोर्ट सांगतोय. हसणाऱ्यांना घाबरून बारीक होणं वेगळं आणि वडिलांचे तळपाय बघून बारीक होणं वेगळं, एवढा फरक मला आता कळतो. काट्यावरचा आकडा दोन्हींत सारखाच उतरतो.

मार्क हेन्रीला रिंगमध्ये न्याय मिळायला २०११ उजाडलं. चाळिसाव्या वर्षी त्यानं रँडी ऑर्टनला हरवून वर्ल्ड हेवीवेट चॅम्पियनशिप जिंकली. अर्थात जिंकायचं ठरलेलं होतंच, पण ते त्याच्यासाठी ठरवावं असं कुणाला तरी पंधरा वर्षांनी वाटलं. जून २०१३ मध्ये तो फिक्या गुलाबी रंगाचा कोट घालून रिंगमध्ये आला आणि निवृत्तीचं भाषण केलं. डोळ्यांत पाणी, घरी जायचंय म्हणाला. सगळं स्टेडियम उभं राहून त्याचे आभार मानत होतं. जॉन सीनानं येऊन मिठी मारली, आणि हेन्रीनं त्याला उचलून आपटलं. सगळं भाषण नुरा होतं. हा प्रकार मी दहा वेळा तरी पाहिलाय. एवढी माणसं फसली, कारण त्या खोट्या दुनियेत ज्याच्यावर विश्वास ठेवावा असा हाच एक माणूस त्यांना वाटत होता.

२०१८ साली तो हॉल ऑफ फेममध्ये गेला. त्याच वर्षी जुलैमध्ये टेरी टॉड वारला.

त्याचा स्क्वॉट आता मागे पडलाय. २०१६ साली रे विल्यम्सनं पट्ट्यांशिवाय ४५६ किलो मारला. २०२३ साली शेफील्डला हेसूस ओलिवारेसनं ११५२.५ किलोची बेरीज केली. स्क्वॉट ४७०, बेंच २७२.५. दोन्ही हेन्रीच्या फार पुढे. डेडलिफ्ट किती, तर ४१०. मधे २८ वर्षं गेली. आहार बदलला, ट्रेनिंगचं शास्त्र बदललं, सगळं एक्सेल शीटवर आलं, आणि त्या बेरजेतला डेडलिफ्ट बरोबर तेवढाच, सिल्सबीच्या त्या मुलाएवढा.

यंदाच्या स्पर्धेचा फॉर्म माझ्या मेलवर आलाय. वजनगटाच्या ड्रॉपडाऊनमध्ये १२० आणि १२०+ हे शेवटचे दोन पर्याय आहेत. आज सकाळी मी ११९.६ होतो. रात्री जेवण झालं की वडील आणि मी सोसायटीभोवती चार फेऱ्या मारतो. ते पुढे असतात. मी त्यांच्या चपलांकडे बघत मागून चालतो.